कॉलेजच्या कपाटातला दाखला नेमका कोणाचा?

२०२५ च्या सुरुवातीला मुंबई विद्यापीठाच्या पदवी प्रमाणपत्रांवर विद्यापीठाचंच नाव चुकलं. इंग्रजी स्पेलिंगमध्ये एक ‘ए’ जास्तीचा घुसला आणि मुंबईचं ‘मुमाबई’ झालं. चार दिवस त्यावर विनोद फिरले, विद्यापीठाने छपाईतली चूक मान्य केली आणि प्रमाणपत्रं बदलून देऊ म्हणून सांगितलं. मला मात्र ती बातमी वाचताना वाटलं, या मुलांच्या हातात निदान कागद तरी पडला! आपल्याकडे कितीतरी मुलांची तक्रार त्याच्या आधीच्या पायरीवर अडलेली असते. कागद मिळतच नाही.

माझ्या भाचीचंच झालं. बारावीनंतर तिने एका खाजगी कॉलेजात प्रवेश घेतला. पुढच्या फेरीत तिला घराजवळचं, जास्त चांगलं कॉलेज मिळालं. पहिल्या कॉलेजात बारावीची मूळ गुणपत्रिका आणि शाळा सोडल्याचा दाखला जमा होता. तो परत मागायला गेली तर उत्तर मिळालं, “पूर्ण वर्षाची फी भरा, मग कागद न्या.” तीन हेलपाटे झाल्यावर तिचा फोन आला. “मामा, ते म्हणतात वरून ऑर्डर आहे.” मी सोबत गेलो. खिडकीतल्या गृहस्थांना विचारलं, वरून म्हणजे कुठून? त्यांनी खरोखरच वर बघितलं. वर पंखा होता.

ती ऑर्डर कुठल्याच कायद्यात नव्हती, हे मला तेव्हा नीटसं माहीत नव्हतं. नंतर शोधाशोध केली, दोन वकील मित्रांचं डोकं खाल्लं, आणि जे समजलं ते इथे मांडतो आहे.

कागदांचे दोन ढीग

सगळी गल्लत होते ती सगळ्या कागदांना एकाच नावाने ‘सर्टिफिकेट’ म्हटल्यामुळे. मनातल्या मनात दोन ढीग करा.

पहिल्या ढिगात तुम्ही कॉलेजला दिलेले कागद. दहावी-बारावीच्या गुणपत्रिका, शाळा सोडल्याचा दाखला, जातीचा दाखला, आधीची पदवी. हे दुसऱ्याच कुठल्यातरी संस्थेने तुम्हाला दिलेले आहेत आणि कॉलेजने फक्त तपासायला घेतले आहेत. गावाला जाताना शेजारच्या काकूंकडे घराची किल्ली ठेवतो, तसं. किल्ली काकूंच्या खुंटीवर असली तरी घर आपलंच.

दुसऱ्या ढिगात कॉलेजने किंवा विद्यापीठाने तुम्हाला द्यायचे कागद. सत्राच्या गुणपत्रिका, पदवी, पदवी छापून येईपर्यंत चालणारं तात्पुरतं पदवी प्रमाणपत्र, दुसऱ्या विद्यापीठात जाताना लागणारं मायग्रेशन, आणि सगळ्या सत्रांचे गुण एकत्र दाखवणारी ट्रान्सक्रिप्ट. ही किल्ली नव्हे, हा पगार आहे. काम केलंय, परीक्षा पास झालाय, आता समोरच्याने तो द्यायचा आहे.

पहिल्या ढिगावर हक्क मालकीचा, दुसऱ्यावर हक्क समोरच्याच्या कर्तव्यातून आलेला. कोर्टात दोन्हींचा युक्तिवाद वेगळा होतो, म्हणून हा खटाटोप.

टीसी, म्हणजे कॉलेज सोडल्याचा दाखला, मात्र दोन्ही ढिगांत पाय ठेवून असते. आपल्याकडे जुन्या कॉलेजची मूळ टीसी नव्या कॉलेजच्या दफ्तरी जमा राहते आणि बाहेर पडताना ते कॉलेज स्वतःची नवी टीसी देतं. त्यामुळे ‘टीसी जमा आहे’ यात वावगं काही नाही. बाहेर पडताना ना जुनी परत, ना नवी हातात, असं झालं की मग वावगं.

शिंपी कोट अडवू शकतो, कॉलेज गुणपत्रिका का नाही?

कॉलेजवाल्यांचा ठरलेला सवाल: आमचे पैसे बाकी आहेत, मग आम्ही तुमची वस्तू का ठेवू नये?

हा सवाल अगदीच बिनबुडाचा नाही. पैसे मिळेपर्यंत समोरच्याची वस्तू अडवून ठेवण्याचा हक्क भारतीय करार कायद्यात, म्हणजे १८७२ च्या कायद्यात, खरोखर आहे. त्याला धारणाधिकार म्हणतात. कलम १७० सांगतं की तुम्ही दिलेल्या वस्तूवर कुणी कष्ट किंवा कसब खर्च केलं असेल, तर मजुरी मिळेपर्यंत तो ती वस्तू ठेवून घेऊ शकतो. कायद्यातच उदाहरणं दिली आहेत. जवाहिऱ्याकडे पैलू पाडायला दिलेला कच्चा हिरा, शिंप्याकडे कोट शिवायला दिलेलं कापड. गंमत म्हणजे त्याच शिंप्याने ‘पैसे तीन महिन्यांनी द्या’ असं कबूल केलं असेल, तर त्यालाही कोट अडवता येत नाही, हेसुद्धा तिथेच लिहिलं आहे.

आता बघा. कॉलेजने तुमच्या बारावीच्या गुणपत्रिकेवर कुठलं कसब खर्च केलं? पैलू पाडले? अस्तर लावलं? प्लॅस्टिकच्या फोल्डरमध्ये घालून कपाटात ठेवली, एवढंच. त्यामुळे कलम १७० लागत नाही.

मग येतं कलम १७१. त्यात जरा मोठा हक्क आहे. कुठल्याही बाकीपोटी, हाताशी असलेली कुठलीही वस्तू अडवण्याचा. पण तो ठरावीक मंडळींनाच आहे: बँका, अडते, गोदीत माल ठेवणारे, उच्च न्यायालयातले वकील आणि विमा-दलाल. बाकी कुणाला हवा असेल तर तसा स्पष्ट करार लागतो. या यादीत कॉलेज नाही. मद्रास उच्च न्यायालयाने तर म्हटलं आहे की शैक्षणिक प्रमाणपत्र ही बाजारात विकण्याजोगी वस्तूच नाही, त्यामुळे तिच्यावर असा धारणाधिकार चालत नाही. मला हे पटतं. माझी गुणपत्रिका तुम्ही लिलावात काढलीत तरी घेणार कोण?

यापुढची पायरी विद्यापीठ अनुदान आयोगाची, म्हणजे युजीसीची. ऑक्टोबर २०१८ मध्ये युजीसीने फी परताव्याविषयी अधिसूचना काढली. तिच्यात साफ सांगितलं आहे की संस्थेने प्रवेशाच्या वेळी मूळ कागद समोर तपासावेत, स्वसाक्षांकित प्रती ठेवाव्यात आणि मूळ कागद तिथल्या तिथे परत करावेत. ठेवून घेऊ नयेत. त्याच अधिसूचनेत परताव्याची उतरंडही आहे. प्रवेशाच्या शेवटच्या तारखेच्या १५ किंवा जास्त दिवस आधी प्रवेश रद्द केला तर १०० टक्के परत (प्रक्रिया खर्च म्हणून फीच्या ५ टक्क्यांपर्यंत, पण ५,००० रुपयांच्या वर नाही, एवढी वजावट चालते), त्यानंतर ९०, ८०, ५० अशी घसरण, आणि शेवटच्या तारखेनंतर ३० दिवस उलटले की शून्य. गेली काही वर्षं युजीसी त्या त्या वर्षापुरत्या तारखांची वेगळी परिपत्रकंही काढते आहे, तेव्हा तुमच्या वर्षाचं परिपत्रक आधी बघा. अनेकदा ते विद्यार्थ्याच्या जास्तच बाजूने असतं.

म्हणजे भाचीकडे ‘पूर्ण वर्षाची फी’ मागणंही चूक होतं आणि त्यासाठी कागद अडवणंही.

“पण फी खरंच थकवली असेल तर?”

तर ती भरायची आहे, आणि हे मी गुळमुळीत बोलणार नाही. शिकायचं, पास व्हायचं आणि फी बुडवून निघून जायचं, यात कसला आला हक्क? पण बाकी वसूल करायची रीत ठरलेली आहे. नोटीस पाठवा, दिवाणी दावा लावा. महिन्याचं बिल थकलं म्हणून वाणी तुमचं रेशनकार्ड गल्ल्यात ठेवून घेत नाही. दोन खाती वेगळी आहेत.

शाळांच्या बाबतीत मद्रास उच्च न्यायालयाने जुलै २०२४ मध्ये हेच स्पष्ट केलं. टीसी हे थकबाकी वसुलीचं हत्यार नाही, आणि टीसीवर ‘फी बाकी’ असा शेरा मारणंही चालणार नाही.

दुसऱ्या ढिगाचं चित्र मात्र इतकं लख्ख नाही, हेही सांगून टाकतो. ‘नो ड्यूज’, म्हणजे काही बाकी नसल्याचा दाखला, घेतल्याशिवाय पुढचे कागद नाहीत, ही पद्धत जवळपास सगळीकडे आहे. ग्रंथालयाचं पुस्तक परत न करता पदवी मागायला गेलात तर कुठलंही कोर्ट तुमच्यावर फार माया करणार नाही. मोठ्या रकमेचा वाद असेल तर न्यायालयं कधी काही भाग भरायला सांगतात आणि कागद मोकळे करायला लावतात. शेवटी वजन कशाला, तर एका तरुणाची नोकरी किंवा पुढचा प्रवेश वाया जाणं आणि संस्थेचे पैसे थोडे उशिरा मिळणं, यात भरून न येणारं नुकसान कोणाचं, याला.

महाराष्ट्रात एक वेगळाच पेच नेहमी दिसतो, तो शिष्यवृत्तीचा. मुलगा मागास प्रवर्गातला, त्याची फी सरकार भरणार, अर्ज महाडीबीटीवर, म्हणजे राज्य सरकारच्या शिष्यवृत्तीच्या पोर्टलवर, मंजूर, पण सरकारचा हप्ता आलेला नाही. कॉलेज म्हणतं, तोवर तू भर. हा हिशेब सरकार आणि कॉलेज यांच्यातला आहे. त्यात मुलाचा दाखला तारण ठेवण्याचं कारण नाही. मात्र शिष्यवृत्तीची रक्कम तुमच्याच खात्यात जमा झाली, तिच्यातून मोबाइल आला आणि कॉलेजला काहीच गेलं नाही, असं असेल तर ती बाकी तुमची. खिडकीवर भांडायला जाण्यापूर्वी पासबुक बघून जा.

डॉक्टरांच्या बंधपत्राचा प्रश्नही कुणीतरी काढेलच. शिक्षणानंतर ठरावीक काळ सरकारी सेवा करण्याची अट सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये वैध ठरवली आहे. तिथे विद्यार्थ्याने प्रवेश घेतानाच जाणूनबुजून सही केलेली असते, म्हणून ते गणित फीच्या गणिताहून निराळं आहे.

पदवी कधी मिळायला हवी?

इथे एकच आकडा लक्षात ठेवा: १८०.

युजीसीने २००८ मध्ये पदवी प्रदान करण्याविषयी नियम केले. त्यांच्यानुसार विद्यार्थी पदवीला पात्र होण्याची जी अपेक्षित तारीख असते, तिच्यापासून १८० दिवसांच्या आत पदवी प्रदान व्हायला हवी. जुलैत निकाल लागला असेल तर जानेवारी उजाडेपर्यंत. नियम पाळला जात नाही म्हणून युजीसीने विद्यापीठांना पुन्हा पुन्हा पत्रं पाठवून खडसावलं आहे. इतक्या वेळा खडसवावं लागतं, यातूनच काय ते समजा.

उशीर होतो तो बहुधा दीक्षान्त समारंभापायी. परीक्षा पास झालात म्हणजे तुम्ही पदवीला ‘पात्र’ झालात. पदवी ‘प्रदान’ होते ती समारंभात, मग तुम्ही तिथे झगा घालून उभे असा किंवा घरी बसून असा. साखरपुडा आणि लग्न यांच्यात असतं तसं हे अंतर. आणि बड्या पाहुण्यांची तारीख मिळत नाही म्हणून मुहूर्त पुढे ढकलला जातो, हेही तसंच. नियमाला मात्र पाहुणा ठाऊक नाही, त्याला १८० दिवस ठाऊक आहेत.

मधल्या काळासाठीच तात्पुरतं पदवी प्रमाणपत्र असतं. कंपनीने नोकरीवर घेताना पदवीच हवी म्हणून अडून बसू नये आणि विद्यापीठाने हे प्रमाणपत्र देताना महिने लावू नयेत, अशी त्यामागची कल्पना. एक सूचना मात्र करतो. पदवी आपोआप घरी येईल अशा भ्रमात राहू नका. अनेक विद्यापीठांत पदवीसाठी वेगळा अर्ज आणि शुल्क भरावं लागतं, आणि ती मुदत हुकली की पुढच्या समारंभापर्यंत थांबणं आलं. आमच्या ओळखीतल्या एकाने तीन वर्षं विद्यापीठाच्या नावाने बोटं मोडली. नंतर कळलं, अर्जच केला नव्हता.

निकालच रखडला तर? महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६ म्हणतो की शेवटच्या पेपरनंतर ३० दिवसांत निकाल लावण्याचा प्रयत्न करायचा आणि कसंही करून ४५ दिवसांत लावायचाच. २०१७ मध्ये मुंबई विद्यापीठाने उत्तरपत्रिका संगणकाच्या पडद्यावर तपासायला घेतल्या आणि निकालांचा असा काही गोंधळ उडाला की मुलांचे पुढचे प्रवेश धोक्यात आले. ऑक्टोबरमध्ये राज्यपालांनी कुलपती या नात्याने कुलगुरू संजय देशमुख यांना पदावरून दूर केलं. वेळेत कागद देणं हे उपकार नसून काम आहे, आणि ते न झाल्यास कुलगुरूंची खुर्चीही जाऊ शकते, हे तेव्हा दिसलं.

नाव चुकलं, नाव बदललं

पदवीवर विद्यापीठाचं नाव चुकलं तर बातमी होते. विद्यार्थ्याचं नाव चुकलं तर त्यालाच प्रतिज्ञापत्र करायला पाठवतात. छपाईची चूक संस्थेची असेल तर दुरुस्तीचा भार तिच्यावर असायला हवा. अर्जात स्पष्ट लिहा की दाखल केलेल्या कागदांत नाव बरोबर होतं, आणि ती प्रत जोडा.

मुद्दाम नाव बदललं असेल तर प्रकरण निराळं. लग्न, घटस्फोट, जातिवाचक किंवा नकोसं वाटणारं आडनाव टाकणं, अशी कारणं असतात. जून २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सीबीएसईविरुद्धच्या जिग्या यादव प्रकरणात सांगितलं की नाव ही माणसाची ओळख आहे, ती सांगण्याचा हक्क राज्यघटनेच्या अभिव्यक्ती स्वातंत्र्यात येतो, आणि मंडळ प्रमाणपत्रातला बदल सरसकट नाकारू शकत नाही. पुरावा, राजपत्रातली जाहिरात, शुल्क अशा अटी ते घालू शकतं. पारलिंगी व्यक्तींसाठी २०१९ चा स्वतंत्र कायदा आहे. जिल्हाधिकाऱ्यांकडून ओळख प्रमाणपत्र मिळालं की त्याच्या आधारे शैक्षणिक कागदांवरचं नाव आणि लिंग बदलून मागता येतं.

जाता जाता: पदवीवर किंवा तात्पुरत्या प्रमाणपत्रावर पूर्ण आधार क्रमांक छापू नये, असं युजीसीने सप्टेंबर २०२३ मध्ये विद्यापीठांना कळवलं आहे. तुमच्या कागदावर छापला असेल तर बदलून मागा.

डिजिलॉकरमधली पदवी खरी की झेरॉक्स?

खरी, पण एका अटीवर. डिजिलॉकरमध्ये दोन कप्पे असतात. एकात संस्थेने थेट पाठवलेले कागद येतात, दुसऱ्यात आपण मोबाइलने फोटो काढून टाकलेले. पहिल्या कप्प्यातला कागद माहिती तंत्रज्ञान कायद्याखालच्या २०१६ च्या नियमांनुसार मूळ कागदाच्या बरोबरीचा. दुसऱ्या कप्प्यातला म्हणजे निव्वळ झेरॉक्स. पदव्यांसाठी राष्ट्रीय शैक्षणिक भांडार आहे, तेही आता डिजिलॉकरमधूनच चालतं, आणि तिथले कागद ग्राह्य धरा असं युजीसीने संस्थांना सांगून ठेवलं आहे.

कॉलेज कागद अडवून बसलं असेल तेव्हा याचा फार उपयोग होतो. राज्य मंडळाची बारावीची गुणपत्रिका डिजिलॉकरवर मिळाली तर निदान पुढचा प्रवेश तरी अडत नाही. भांडण मग सावकाश चालू द्या.

तक्रार कुठे, कशी?

सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे पहिला अर्ज. आपल्या मुलांची अडचण इथेच होते. पाच वेळा खिडकीवर जातात, पन्नास फोन करतात, पण एक ओळ लिहून देत नाहीत. सहा महिन्यांनी वकिलाकडे गेल्यावर तो विचारतो, मागितल्याचा पुरावा काय? पुरावा शून्य.

अर्ज साधा हवा. कोणते कागद, कोणत्या तारखेला जमा केले किंवा कधीपासून देय आहेत, कोणत्या नियमाने मागतो आहे, आणि किती दिवसांत हवेत. दोन प्रती. एक द्यायची, दुसरीवर आवक क्रमांक, तारीख आणि शिक्का घ्यायचा. शिक्का नाकारला तर भांडू नका. पोस्टात जा, प्राचार्यांच्या नावे स्पीड पोस्ट करा, पावती जपा, आणि तोच मजकूर ईमेलनेही पाठवा.

उत्तर आलं नाही तर विद्यार्थी तक्रार निवारण समिती. युजीसीच्या २०२३ च्या नियमांनुसार प्रत्येक संस्थेत ती असायला हवी. फी उकळण्यासाठी कागद अडवणं आणि निकालाला उशीर लावणं या दोन्ही गोष्टी त्या नियमांत ‘तक्रार’ म्हणून नावानिशी आल्या आहेत. समितीने कामकाजाच्या १५ दिवसांत अहवाल द्यायचा. समाधान झालं नाही तर पुढच्या १५ दिवसांत लोकपालाकडे अपील. हा लोकपाल म्हणजे विद्यापीठाने नेमलेला निवृत्त कुलगुरू, अनुभवी निवृत्त प्राध्यापक किंवा माजी जिल्हा न्यायाधीश. त्याने ३० दिवसांत निकाल काढायचा. समिती टाळून थेट लोकपालाकडे जाता येत नाही, ही पायरी गाळू नका.

समांतर चालवायचं ते माहिती अधिकाराचं काम. १० रुपयांचा अर्ज, ३० दिवसांत उत्तर. पण इथे एक गफलत होते. ‘माझी पदवी द्या’ असा अर्ज केलात तर तो फेटाळला जाईल, कारण हा कायदा माहिती देतो, पदवी नव्हे. विचारायचं ते असं: माझा अमुक क्रमांकाचा अर्ज आज कोणत्या टेबलावर आहे, कोणत्या तारखेला तिथे आला, आणि तिथल्या अधिकाऱ्याने त्यावर काय शेरा मारला. माझा अनुभव असा की या प्रश्नाचं उत्तर लिहिण्यापेक्षा पदवी देऊन टाकणं त्यांना सोपं वाटतं. कॉलेज विनाअनुदानित असेल तर अर्ज विद्यापीठाकडे करा. विद्यापीठ त्या कॉलेजकडून जी माहिती मागवू शकतं, ती तुम्हालाही मागता येते. स्वतःची तपासलेली उत्तरपत्रिकाही याच कायद्याखाली बघता येते, हे सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्येच ठरवून दिलं आहे.

महाराष्ट्रात २०१५ पासून लोकसेवा हक्क कायदाही आहे. तुमच्या विद्यापीठाच्या कोणत्या सेवा त्याखाली अधिसूचित आहेत आणि किती दिवसांत द्यायच्या, हे एकदा तपासून बघा. सेवा यादीत असेल आणि अधिकाऱ्याने विनाकारण अडवली असेल तर त्याला ५०० ते ५,००० रुपये दंड होऊ शकतो. दंड फुटकळ वाटेल, पण तो खिशातून जातो आणि सेवापुस्तकाजवळ फिरकतो, म्हणून त्याचा धाक असतो.

“ग्राहक मंचात का जाऊ नये? पैसे तर आपणही मोजलेत.”

बरेच जण पहिला सल्ला हाच देतात, आणि बहुतेकदा तो वाया जातो. परीक्षा घेणारं मंडळ ‘सेवा पुरवठादार’ नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २००९ च्या बिहार शाळा परीक्षा मंडळाच्या प्रकरणात म्हटलं. विद्यार्थी हा विद्यापीठाचा ग्राहक नाही, असं २०१० मध्ये महर्षी दयानंद विद्यापीठाच्या प्रकरणात. अपवाद आहे तो मुळातच फसवणूक झाली असेल तिथे. मान्यता नसताना आहे असं सांगून प्रवेश देणाऱ्या एका दंत महाविद्यालयाला २००९ मध्येच सर्वोच्च न्यायालयाने ग्राहक कायद्याखाली जबाबदार धरलं होतं. मान्यतेचा मुद्दा निघालाच आहे तर हेही: युजीसी कायद्याच्या कलम २२ प्रमाणे पदवी देण्याचा अधिकार कायद्याने स्थापन झालेल्या विद्यापीठांना, अभिमत विद्यापीठांना आणि संसदेने खास अधिकार दिलेल्या संस्थांनाच आहे. बाकी कुणी दिलेल्या रंगीत कागदासाठी हक्काने भांडायला जागाच उरत नाही.

मग खरं दार उरतं उच्च न्यायालयाचं. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली परमादेश मागायचा, म्हणजे ‘कायद्याने जे तुझं काम आहे ते कर’ असा हुकूम. सरकारी विद्यापीठाविरुद्ध तो मागता येतोच. अभिमत विद्यापीठही सार्वजनिक काम करतं म्हणून त्याच्याविरुद्धही रिट चालते, हे २०१५ मध्ये एसआरएम विद्यापीठाच्या प्रकरणात ठरलं. मुंबईखेरीज नागपूर, छत्रपती संभाजीनगर, गोवा इथे खंडपीठं आहेत आणि ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरातही सर्किट बेंच सुरू झालं आहे, तेव्हा सांगली-साताऱ्याच्या मुलाला एवढ्यासाठी मुंबई गाठायला नको. वकिलाच्या खर्चाची धास्ती असेल तर एक गोष्ट फार कमी जणांना ठाऊक आहे: विधी सेवा प्राधिकरणाकडून महिलांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना उत्पन्न कितीही असलं तरी मोफत वकील मिळतो.

“एवढं केलं तर कॉलेज डूख धरेल,” असं आईबाप म्हणतात, आणि शिकत असलेल्या मुलाच्या बाबतीत ती भीती मी खोटी म्हणणार नाही. म्हणून पहिल्या अर्जाची भाषा नम्र ठेवा. नियमाचं नाव, तारीख, विनंती. धमकी नको, ‘कोर्टात खेचीन’ नको. नम्र कागदावरही आवक शिक्का तितकाच ठळक उठतो.

आम्ही तेच केलं. भाचीने एका पानाचा अर्ज स्वतःच्या अक्षरात लिहिला, २०१८ च्या अधिसूचनेची प्रत जोडली. खिडकीतल्या गृहस्थांनी शिक्का द्यायला नकार दिला, आम्ही समोरच्या पोस्टात गेलो. चौथ्या दिवशी फोन आला, कागद घेऊन जा. पंख्याखाली बसलेल्या त्याच गृहस्थांनी फोल्डर काढून दिलं, सही घेतली, आणि म्हणाले, “आधीच लिहून द्यायचं ना ताई.”

बाहेर आल्यावर ती पहिल्यांदा निघाली ती कोपऱ्यावरच्या झेरॉक्सच्या दुकानात, गुणपत्रिका लॅमिनेट करायला. मी हात धरून थांबवलं. पुढे कधी परदेशात जायचं झालं तर अपोस्टिलचं, म्हणजे कागद खरा असल्याच्या सरकारी प्रमाणीकरणाचं, स्टिकर त्याच कागदाच्या मागे चिकटवतात, दुबईला जायचं तर वकिलातीचा शिक्का मागेच उठतो, आणि प्लॅस्टिकवर शाई काही बसत नाही. दुकानदार जरा हिरमुसला. शेवटी आम्ही त्याच्याकडून दहा झेरॉक्स आणि एक साधं पारदर्शक फोल्डर घेतलं.